रघू-यमुनाचं अख्खं लगीन

हसुराम पाटलाच्या नावाआधी हल्ली 'कल्ट दिग्दर्शक' असं लावायची पद्धत पडली आहे. परवा तर एका मुलाच्या टीशर्टवर त्याचा चेहरा छापलेला पाहिला, खांद्यावर त्याचा नेहमीचा टॉवेल तसाच. हसूदादा असता तर म्हणाला असता, टावेल तरी धुतलेला छापाचा व्हता. हा 'कल्ट' शब्द पहिल्यांदा त्याच्या कानावर पडला तेव्हा मी त्याला विचारलं होतं, "म्हणजे काय रे दादा?" तर म्हणाला, "मना काय म्हाईत? कालेजातला पोरगा बोलला, थोडीच लोका बघतान, पन येडी होऊन बघतान. मी बोललो, मग थोडी कशाला? सगल्यांनाच येडं करू."

तो गेला त्याला आता बरेच दिवस झाले. दुपारी जेवून आडवा झाला तो उठलाच नाही. त्याबद्दल मला काही लिहायचं नाही, रडायचं ते रडून झालंय. मला लिहायचंय ते तो जिंकला त्याबद्दल. कारण जो तो आपापल्या मनाने काहीतरी ठोकून देतोय, आणि खरं काय घडलं ते बघायला तिथे होती कोण, तर मी.

मी भाईंदर पूर्वेला पार्लर चालवते. लग्नसराईत नवऱ्या सजवायला जाते. हसूदादा लग्नाच्या व्हिडिओ शूटिंगचं काम करायचा. पेणकरपाड्यात घर, घराच्या पुढच्या खोलीत दुकान, दारावर दुकानाचं नावबिव काही नाही, नुसतं 'शूटिंग' असं लिहिलेलं. आमची ओळख झाली ती भांडणातून. मी एका नवरीला काजळ घालत होते आणि हा बाबा हॅलोजनचा दिवा घेऊन तिच्या नाकाशी आला. नवरीच्या डोळ्यांतून पाणी, काजळ गालावर. मी म्हटलं, "काय डोळे फोडतोस काय तिचे?" तर दिवा तसाच धरून म्हणतो, "ताय, रडू दे, सासरी जाताना रडली न्हाय तर लोका नावा ठेवतान. आताच घेऊन ठेवतो." इतका राग आला मला, पण हसूसुद्धा आलं. तेव्हापासून तो मला ताय म्हणायला लागला.

बुटका, पोट पुढे, आवाज असा की कानात बोलला तरी शेजारच्या खोलीत ऐकू जावा. केस रंगवायला माझ्याकडे यायचा. लेडीज पार्लर, त्यामुळे मागच्या दाराने, गिऱ्हाईक नसेल तेव्हा. डोक्याला रंग लावला की त्याला पिक्चरची स्टोरी सुचायची. मी म्हणायची, वेळ झाली, धुऊया. तो म्हणायचा, थांब गो, भूत आता कुठं झाडावरनं उतरलाय. भूत उतरेपर्यंत कपाळ काळं व्हायचं आणि मग आठवडाभर तसाच फिरायचा. एकदा त्याच अवतारात एका लग्नात गेला, तर नवरदेवाच्या आत्याने त्याला हळूच विचारलं, घरात काही झालंय का?

पिक्चर काढायला तो कोणाकडे शिकला नाही. लग्नाचाच कॅमेरा, लग्नाचेच दिवे आणि लग्नाच्याच सवयी. सेटवर तो कधी 'कट' म्हणायचा नाही. लग्नघरात कापाकापीची भाषा करत नाहीत ना, म्हणून सुरू करताना म्हणायचा "हां, चालू द्या," आणि थांबवायचं असेल तेव्हा "पानी प्या." माणूस सुरी खुपसून खाली पडलाय, बायको ऊर बडवतेय, आणि मागून हसूदादाचा आवाज, पानी प्या. मेलेला उठून खरंच पाणी प्यायचा.

आणि दुसरी सवय म्हणजे पाव्हण्यांची. लग्नाच्या व्हिडिओत एखाद्या मावशीचा चेहरा सुटला तर ती मावशी पुढची दहा लग्नं बोलून दाखवते. हसूदादाच्या अंगात ते इतकं भिनलेलं की पिक्चरमध्येसुद्धा सीनमध्ये जितकी माणसं उभी असतील, तितक्यांच्या तोंडावरून तो कॅमेरा फिरवणार. प्रत्येकासमोर जरा थांबणार, त्याने हसून घेईपर्यंत. समोर खून झालेला असला तरी. पुढे कोण कोण शिकलेली माणसं येऊन म्हणायला लागली की यात मोठा विचार आहे. हसूदादा त्यांच्याकडे कौतुकाने बघायचा आणि म्हणायचा, "विचार हाय ना. मावशी रुसतं."

त्याचा पहिला पिक्चर 'खाजनातली वरात'. पेणकरपाड्यापलीकडे खाडीचं पाणी शिरतं त्या दलदलीला खाजण म्हणतात. एक वरात तिथे वाट चुकते, आणि वऱ्हाडात दोन पाव्हणे जास्तीचे आहेत असं हळूहळू सगळ्यांच्या लक्षात येतं. मुलीकडचे समजतात मुलाकडचे, मुलाकडचे समजतात मुलीकडचे. एवढीच गोष्ट. सगळी बोली आगरी. शूटिंगची तारीख तो कधी इंग्रजी महिन्याची द्यायचा नाही. "अष्टमीला या" म्हणायचा, कारण अष्टमीला भरती लहान, खाजणात पाय ठेवता येतो. मी एकदा अष्टमी चुकले आणि पौर्णिमेच्या सुमाराला मेकअपची पेटी घेऊन पोचले. पेटी डोक्यावर, कमरेएवढं पाणी, आणि बांधावर बसून हा माणूस चणे खात हसतोय. त्या दिवशी मी त्याला जे काही बोलले ते इथे लिहिता येणार नाही.

हिरो म्हणजे प्रमोद, पेणकरपाड्यातलाच मुलगा, हाटकेशला प्लास्टिकच्या बादल्या बनवायच्या गाळ्यात कामाला होता. हिरॉइन माझ्या पार्लरमधली सुवर्णा. दिसायला देखणी, आणि कॅमेऱ्यापुढे घाबरायची नाही. पिक्चरमध्ये त्यांची नावं रघू आणि यमुना. मधोमध त्यांच्या लग्नाचा सीन, आणि त्या सीनसाठी हसूदादाने चांगूबायला बोलावलं.

चांगूबाय धवलारीण होती. आगऱ्यांच्या लग्नात धवले नावाची गाणी गाऊन लग्न लावते ती धवलारीण. भटजी येतो, त्याचं तो करतो, पण पेणकरपाड्यातल्या जुन्या माणसांना विचाराल तर ती म्हणतील, चांगूबायने गायलं तेव्हा लगीन लागलं. वाळलेली, डोळ्यांनी अधू, गुडघ्यापर्यंत लुगडं, कपाळावर हे एवढं कुंकू. हसूदादा तिला म्हणाला, "बाय, दोन ओली गा फकस्त." ती म्हणाली, "दोन ओलींनी कोनाचा लगीन लागलाय?" आणि बसली पाटावर, आणि लागली गायला.

काय सांगू तुम्हाला. मी कोकणातली, सासर भाईंदरचं, आगरी मला अर्धं कळतं अर्धं नाही. पण ती बाई गायला लागली आणि ज्या बाया वऱ्हाड म्हणून गंमत करायला उभ्या होत्या त्या एकदम सरळ झाल्या. कोणी डोक्यावर पदर घेतला. सुवर्णाने मान खाली घातली ती हसूदादाने सांगितलं म्हणून नाही. हसूदादा कॅमेरा घेऊन एकेका चेहऱ्यासमोरून हळूहळू फिरत होता, सगळा पाडा त्याने घेतला, म्हाताऱ्या, पोरं, कडेवरची बाळं. चांगूबाय थांबेपर्यंत पानी प्या म्हणाला नाही. थांबली तेव्हा पाण्याचा तांब्या त्याने स्वतःच तिच्यापुढे नेला.

आणि दुसऱ्या दिवशी सुवर्णाची आई माझ्या पार्लरमध्ये.

"ताई, तुमच्या भरवशावर पोरगी पाठवली होती," ती म्हणाली. "तुम्ही तिचं लग्न लावून परत पाठवलीत?"

मी म्हटलं, अहो काहीतरीच काय, पिक्चर होता. ती म्हणाली, "पिक्चर तुमच्यासाठी. आख्खा पेणकरपाडा म्हणतोय, चांगूबाय गायली म्हणजे लागलं. पालघरचं स्थळ आलंय तिला, त्यांच्या कानावर गेलं तर?"  कमाल म्हणजे तिकडे प्रमोदच्या आईने गंमत म्हणा, खरं म्हणा, सुवर्णासाठी सुकटीचा डबा पाठवून दिला होता. सुवर्णा डबा हातात घेऊन मला विचारते, "म्याडम, खाऊ की नको? खाल्ला तर सून होईन का?"

दोन्हीकडची माणसं घेऊन आम्ही चांगूबायच्या पडवीत गेलो. हसूदादाने कॅमेरा बरोबर आणला होता. त्याचा बाजूचा छोटा पडदा उघडून त्याने तो तिच्या कानाशी धरला आणि कालचं गाणं लावलं. तिने डोळे मिटून आपलाच आवाज शेवटपर्यंत ऐकला. मधे कोणाला बोलू दिलं नाही. मग विचारलं, "नाव कोनाचा घेतला मी?"

"रघूचा," हसूदादा म्हणाला. "आन यमुनाचा."

"प्रमोदचा न्हाय?"

"न्हाय, बाय."

"मग लगीन रघू-यमुनाचा लागला. ही दोगा सुटली," ती म्हणाली. सुवर्णाच्या आईने तिथेच भिंतीला टेकून डोळे पुसले. आम्हाला वाटलं, संपलं प्रकरण. आम्ही उठायला लागलो तर चांगूबाय हसूदादाकडे वळली. "ती रघू-यमुना हान कुठं?"

"पिक्चरमदी."

"पुढं काय होतंय त्यांचा?"

आता खोटं बोलायला काय जात होतं? पण हसूदादाला ते जमायचं नाही. म्हणाला, "रघूला भूत मारतंय."

चांगूबायने त्याच्याकडे असं बघितलं की मीच दोन पावलं मागे सरकले. "मी लावलेल्या लगनातला नवरा तू मारतंस?" ती म्हणाली. "मी गायलेल्या धवल्यातली एक पोर रांडावली न्हाय आजवर. ती दोगा नांदली पायजेत. आन ऐक. माजा धवला अर्धा दाखवाचा न्हाय. सुरू केला की पुरा. अर्धा लगीन ठेवाचा नसतंय कोनाचा."

हसूदादाने तिच्या पायाला हात लावून शब्द दिला. परत येताना रिक्षात मी म्हटलं, "दादा, तुझ्या स्टोरीचं काय आता?"  मग हाटकेशचा नाका आल्यावर म्हणाला, "रघू मरत न्हाय. भूताला जेवाला बसवतो."

आणि तोच तो शेवट, ज्याची आता लोक पारायणं करतात. वऱ्हाडाला कळतं की जास्तीचे दोन पाव्हणे म्हणजे याच खाजणात बुडून गेलेले, ज्यांचं लग्न राहून गेलं असे दोघं. पळापळ होणार तेवढ्यात यमुना त्यांच्यापुढे पानं मांडते आणि म्हणते, जेवल्याबिगर जाव नका. त्यावर लोक शिट्ट्या मारतात, रडतात, काय काय करतात. चांगूबायने तो नवरा वाचवला नसता तर हे काही झालं नसतं.

पण पिक्चर लागणार कुठे? अंधेरीला एक मोठा माणूस होता, पिक्चर विकत घेऊन थिएटरात लावणारा. त्याचं नाव नाही घेत. हसूदादाबरोबर मीही गेले होते, नवी साडी नेसून. त्याने पिक्चर बघितला, बघितला म्हणजे पुढे पुढे ढकलत. मग म्हणाला, गोष्ट चांगली आहे, भूत चांगलं आहे, लावू आपण.  पुढे म्हणाला, "फक्त ते लग्नाचं गाणं काढा. अर्ध्या मिनिटात आटपा. एवढी तोंडं कशाला दाखवलीत? कोण आहेत ही माणसं? आणि भाषा जरा स्वच्छ करून घेऊ, आगरी कोण बघणार?"

हसूदादाने चहा संपवला. बशी नीट पुसून ठेवली. म्हणाला, "शेट, तुमच्या लग्नाची कॅसेट केवढी हाय?"

तो हसला. म्हणाला, "असेल तीन तासांची."

"कोनी कापली का ती?"

आणि उठला. मी जिना उतरताना त्याला इतकं झापलं, इतकं झापलं. म्हटलं, त्या म्हातारीला काय कळणार आहे थिएटरात काय दाखवलंस ते? आयुष्यात एकदा दार उघडलं होतं आणि तू स्वतःच्या हाताने लावून घेतलंस. तो खाली रस्त्यावर आला, रिक्षा बघायला लागला, आणि शांतपणे म्हणाला, "ताय, मी शब्द दिलाय. आन त्यो मना कोन ही मानसा बोलला. मना म्हाईत हाय कोन ती." त्याच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि मला ते बघवेना, म्हणून मी उगाच रिक्षावाल्याशी भांडले.

त्यानंतर त्याने एकच धोशा लावला. 'वरात' थिएटरात लागेल, पुरी लागेल, आगरीतच लागेल. लोक हसायचे. तोवर तो लग्नं शूट करायचा आणि मधल्या दिवसांत नवीन पिक्चर. 'चिंबोरी' त्यातलाच. राक्षसासारखा खेकडा भाईंदरच्या खाडीतून वर येतो आणि बिल्डरांना खातो. खेकडा निळ्या ताडपत्रीचा, आत प्लास्टिकचे पाइप, एकेका पायात एकेक माणूस. हसूदादा ओरडून ओरडून थकला, "आडवा चाला, चिंबोरी आडवा चालतं." बाकी सगळे आडवे चालले आणि प्रमोद एकटा सरळ गेला. खेकडा मधोमध फाटला, प्रमोद एक पाय घेऊन रस्त्याला लागला. हसूदादाने तेही पिक्चरमध्ये ठेवलं. म्हणाला, बिल्डरांनी गोली मारली असं समजतील. आणि खरोखर तसंच समजले लोक.

'वरात' मात्र पडून होती. मग त्याच्या चुलतभावाच्या पोराची हळद होती. आगऱ्यांची हळद म्हणजे तुम्हाला माहीत नसेल तर सांगते, लग्नापेक्षा मोठी. अख्खं गाव नाचतं. त्या संध्याकाळी डीजेचं मशीन जळलं. माणसं अंगाला हळद फासून नुसतीच उभी, आता करायचं काय? हसूदादाने मांडवाच्या मागे पांढरी चादर बांधली आणि पिक्चर लावला. आधी पोरं ओरडली, गाणी लाव, गाणी लाव. भुताला घाबरून बाया किंचाळल्या, मग मजा आली. आणि लग्नाचा सीन आला तशी आतल्या घरात काम करणारी माणसंसुद्धा हात पुसत बाहेर आली.

झालं, तिथून जे सुरू झालं ते थांबलंच नाही. पुढच्या हळदीला बोलावणं, त्याच्या पुढच्या हळदीला बोलावणं. हसूचा पिक्चर लावला नाही तर हळद कसली, इथवर मजल गेली. उत्तनच्या ख्रिस्ती घरांतूनसुद्धा लग्नाच्या आदल्या दिवशी त्याला बोलवायला लागले. पोरांना पिक्चर पाठ झाला. भूत बोलायच्या आधी मांडवच बोलायचा. मग कोणाच्या तरी हळदीला कॉलेजची मुलं आली, त्यांनी मोबाइलवर घेतलं, आणि मुंबईच्या कुठल्या कुठल्या फिल्म क्लबांतून हसूदादाला बोलावणी यायला लागली. तिथेच कोणीतरी ते 'कल्ट' चिकटवलं. तिथेही तो अट घालायचा, धवला पुरा दाखवणार असाल तर येतो.

चांगूबाय जाईपर्यंत त्याला एकच विचारायची, "लागला का रं थेटरात?" तो म्हणायचा, "लागल, बाय." शेवटी शेवटी तिला माणूस ओळखू यायचा नाही, पण आवाजावरून हसूदादाला ओळखायची आणि तेच विचारायची. ती गेली तेव्हा तो स्मशानातून थेट माझ्या पार्लरच्या मागच्या दाराशी आला आणि पायरीवर बसून राहिला. गिऱ्हाइकं खोळंबली होती, बसू दिली.

तिच्यामागे थोड्याच दिवसांत अंधेरीवाल्याचा फोन आला. आता नाव झालं होतं ना. म्हणाला, भाषा राहू दे, आगरीच चालेल, आता त्याचीच फॅशन आहे. फक्त गाणं कापा. हसूदादा माझ्यासमोरच बोलत होता, डोक्याला रंग लावलेला. पलीकडचा म्हणाला असणार, ती म्हातारी तर गेली म्हणे, आता कोणाला कळणार आहे? कारण हसूदादा म्हणाला, "रघू-यमुनाला कलल." आणि फोन ठेवला. या वेळी मी त्याला काही बोलले नाही. मलाही ती दोघं खरीच वाटायला लागली होती.

आणि मग रुचिता आली. मीरा रोडच्या एका मॉलमध्ये थिएटर आहे, तिथे कुठला पिक्चर कधी लावायचा हे ठरवायची नोकरी करणारी मुलगी. मैत्रिणीच्या हळदीत तिने 'वरात' पाहिला होता. म्हणाली, "काका, पूर्ण लावते. एक शब्द, एक मिनिट कापत नाही. पण एकच शो देऊ शकते, आठवड्याच्या मधल्या वाराचा, सकाळचा. आणि खरं सांगू? मांडवात लोक बघतात ते वेगळं. गाण्याला लोक उठून बाहेर गेले, तर परत मला कोणी लावू देणार नाही."

त्या शोच्या आदल्या दिवशी हसूदादा केस रंगवायला आला आणि पहिल्यांदाच त्याला कुठली स्टोरी सुचली नाही. मी रंग लावतेय, आणि हा आरशात नुसता बघतोय. मी म्हटलं, "काय झालं?" तर म्हणाला, "ताय, भ्या वाटतंय गो. लोका उठली तर? अंधेरीवाला बरोबर व्हता असा झाला तर? इतकी वर्सा मी बायला लागल लागल बोलत व्हतो." भुतांचे पिक्चर काढणारा माणूस, त्याला मी कधी घाबरलेला पाहिला नव्हता. मी म्हटलं, उठणाऱ्याचा पाय मोडेन मी. पण घाबरले मीही होते.

सकाळी मॉलवर गेले तर मला वाटलं, मी चुकून कोणाच्या लग्नाला आले. टेम्पो भरभरून माणसं. पेणकरपाडा, उत्तन, कुठून कुठून. बाया ठेवणीतली लुगडी नेसलेल्या, अंगावर घरातलं होतं नव्हतं तेवढं सोनं, केसांत अबोलीच्या वेण्या. सरकत्या जिन्यावर पाय ठेवायला म्हाताऱ्या घाबरतायत, त्यांना पोरं दोन्हीकडून धरून चढवतायत. दारावरचा सिक्युरिटीवाला पिशव्या तपासून बाहेरचं खाणं काढून ठेवत होता. "आंटी, चकली अलाउड नहीं है." चकल्यांचा ढीग लागला त्याच्या टेबलावर. सुवर्णा आली होती पालघरहून, नवऱ्याला आणि मुलांना घेऊन. प्रमोदही बायकोला घेऊन आला होता. रुचिता कोपऱ्यात नखं खात उभी. हसूदादा आत बसलाच नाही. बाहेर जायच्या दाराशी उभा राहिला, पडद्याकडे पाठ आणि लोकांकडे तोंड करून.

पहिला अर्धा भाग झक्कास गेला. कॉलेजची पोरं भुताच्या आधी भुताचं बोलत होती, हशा, शिट्ट्या. आणि मग मांडव आला. चांगूबाय पाटावर बसली, एवढ्या मोठ्या पडद्यावर, तिच्या कपाळावरचं कुंकू केवढं तरी. तिने सूर लावला. मी वळून वळून मागच्या रांगा बघायला लागले. आता उठतील, आता कोणीतरी पॉपकॉर्न आणायला उठेल.

कॅमेरा वऱ्हाडावरून फिरायला लागला. एकेक चेहरा यायचा, जरा थांबायचा, पुढचा यायचा. आणि माझ्या मागच्या रांगेतून एक बाई हळूच म्हणाली, "माजी सासू." मग पुढून कोणी म्हणालं, "बाबा." मग तिकडून, "गोपाल मामा. ह्यो बघ, गोपाल मामा." तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. पडद्यावरची निम्मी माणसं आता नव्हती. कोणाची आई, कोणाचा भाऊ, सगळी तिथे उभी, नवीन कपडे घालून, कॅमेऱ्याकडे बघून हसतायत. कोण आहेत ही माणसं म्हणून विचारलं होतं ना त्या शेटने, तर आता अख्खं थिएटर एकेकाचं नाव घेऊन सांगत होतं. मला समोरचं काही दिसेना. मघाची ओरडणारी पोरंही गप्प झाली होती. सुवर्णाचा धाकटा तेवढा मोठ्याने म्हणाला, "मम्मी, तुझं लग्न या काकांशी लागतंय?" आणि तिचा नवरा म्हणाला, "गप, धवला चाललाय."

चांगूबायच्या आवाजात कधी दुसरा आवाज मिसळला ते मला कळलं नाही. आधी म्हाताऱ्या गुणगुणल्या, मग त्यांच्या सुना, मग सगळ्याच. पडद्यावरची एक ओळ म्हणायची, खुर्च्यांवरच्या दुसरी उचलायच्या. कोणी उठलं नाही. उठलं नाही असं कसं म्हणू, उठले की, सगळे उठले, लग्न लागताना बसून कोण राहतं? आणि शेवटची ओळ संपली तशी चारी बाजूंनी पडद्यावर अक्षता पडल्या. कमरेच्या गाठीतून, रुमालातून, दागिन्यांच्या डबीतून, जिथे त्या सिक्युरिटीवाल्याचा हात गेला नव्हता तिथून. लाल तांदूळ खुर्च्यांवर, पॉपकॉर्नच्या डब्यांत, माझ्या केसांत. पडद्यावरचा रघू आणि पडद्यावरची यमुना मान खाली घालून उभी होती आणि त्यांच्यावर अक्षता पडतच होत्या.

मी दाराकडे बघितलं. हसूदादाने टॉवेल तोंडावर धरला होता आणि त्याचे खांदे हलत होते.

पिक्चर संपल्यावर थिएटरचा मॅनेजर धावत आला. "ये क्या किया आप लोगों ने? पूरा हॉल चावल चावल कर दिया." त्याच्यामागे रुचिता, हसतेय की रडतेय तिचं तिलाच कळत नव्हतं, तिने त्याच्यापुढे मोबाइल धरला आणि म्हणाली, सर, संध्याकाळचा शो टाकला होता, तो भरलासुद्धा. मॅनेजरने मोबाइलकडे बघितलं, तांदळाकडे बघितलं, आणि सफाईवालीला हाक मारत गेला. माणसं जिन्याकडे पांगली, लग्नाहून परततात तशी मोठमोठ्याने बोलत, आपापल्या चकल्या परत मागत.

मी पर्स शोधायला मागे राहिले होते. साफसफाई करणारी बाई लांब झाडू घेऊन आली आणि पहिल्या रांगेपासून झाडायला लागली. हसूदादा पडद्याखाली एकटाच उभा होता, टॉवेल परत खांद्यावर. तो तिच्याजवळ गेला आणि तिच्या हातातला झाडू त्याने हळूच धरला.

"मावशी, आताच झाडू नको," तो म्हणाला. "सहाच्या शोला परत पडनार हान."